वर जाणारा उजेड

शहराबाहेरच्या लॉन्सवर गोरज मुहूर्ताचं लग्न लागतं. सप्तपदी झाली की गुरुजी नवरा-नवरीला मांडवाच्या कडेला आणतात, उत्तरेकडे बोट करतात आणि आधी ध्रुव, मग अरुंधती दाखवतात. दोघं माना डोलावतात. फोटोग्राफर म्हणतो, "वहिनी, परत एकदा वर बघा." वहिनी परत वर बघतात आणि विधी पुरा होतो. कुणालाही काहीही दिसलेलं नसतं. लॉन्सच्या चारही कोपऱ्यांत एलईडीचे फ्लडलाइट, कमानीवर आभाळात गरगरणारे दोन शार्पी, पलीकडे हायवेवरचं होर्डिंग आणि या सगळ्यावर दुधट-राखाडी रंगाचं काहीतरी, ज्याला आपण सवयीने आकाश म्हणतो.

अरुंधती तशी सोपी कधीच नव्हती. सप्तर्षींच्या शेपटीतल्या तीन ताऱ्यांपैकी मधला वसिष्ठ आणि त्याला खेटून असलेली बारीक चांदणी ती अरुंधती. वसिष्ठ साधारण दुसऱ्या प्रतीचा, अरुंधती चौथ्या. प्रतीचा आकडा चढला की तारा मंद. चांगल्या काळोखात धड डोळ्यांच्या माणसाला सहाव्या प्रतीपर्यंतचे तारे दिसतात. मोठ्या शहराच्या मध्यभागी ही मर्यादा चौथ्या प्रतीच्या आसपास येऊन थांबते, म्हणजे नेमकी अरुंधतीच्या उंबरठ्यावर. ध्रुव तिच्यापेक्षा बराच ठळक, पण पुण्या-मुंबईहून तो क्षितिजापासून जेमतेम अठरा-एकोणीस अंशांवर असतो आणि शहराचा उजेड तिथेच सर्वांत दाट साचतो. (मार्गशीर्षातल्या संध्याकाळच्या लग्नांत सप्तर्षी क्षितिजाखालीच असतात, तरीही गुरुजी बोट करतात. त्याचा दोष दिव्यांना देता येणार नाही.)

हा मजकूर दिवाळी अंकात जातो आहे, म्हणून एक गोष्ट आधीच सांगून टाकतो. पणती आणि आकाशकंदील यांच्यावर माझा काही आरोप नाही. तेलाच्या वातीचा उजेड तांबूस, मंद, आणि तेल संपलं की वात आपसूक विझते. घरावरच्या माळाही चार दिवसांनी उतरतात. प्रश्न आहे तो उरलेल्या तीनशे एकसष्ट रात्रींचा.

लक्ष्मीपूजनाची रात्र अमावास्येची. चंद्राची अडचण नाही, पाऊस गेलेला, हवा निवळलेली. आकाश बघायला याहून चांगली रात्र शोधून सापडायची नाही. दहाच्या सुमाराला उत्तरेकडे तोंड करून मान बरीच वर नेली की देवयानी तारकासमूहात एक पुसट, लांबट ठिपका दिसतो. ती देवयानी दीर्घिका, आपल्यापासून सुमारे २५ लाख प्रकाशवर्षं दूर. नुसत्या डोळ्यांनी सहज दिसू शकणाऱ्या गोष्टींमधली ही सर्वांत लांबची. तो प्रकाश तिथून निघाला तेव्हा आपली ही माणसाची जात पृथ्वीवर नव्हती. एवढी वाट तुडवून तो आपल्या इमारतीपर्यंत येतो आणि पार्किंगमधल्या दिव्यापुढे हरतो.

पुण्याच्या आकाशाचा एक जुना दाखला आहे. १८८८ साली कॉलेज ऑफ सायन्समध्ये, म्हणजे आजच्या सीओईपीत, प्राध्यापक कावसजी दादाभाई नायगमवाला यांनी वेधशाळा उभारली. भावनगरचे महाराज तख्तसिंहजी यांनी पैसा दिला, म्हणून वेधशाळेला नाव त्यांचं. तिथली वीस इंची दुर्बीण डब्लिनच्या ग्रब कंपनीने घडवलेली आणि त्या काळात देशातली सर्वांत मोठी. देशातली सर्वांत मोठी दुर्बीण शिवाजीनगरात होती, हे आज संचेतीच्या चौकात सिग्नलला उभं राहून कुणाला सांगून बघा. १९१२ मध्ये नायगमवाला निवृत्त झाले, वेधशाळा बंद पडली आणि सामान कोडाईकनालला गेलं. तिला उजेडाने घालवलं नाही, हे खरं. पण पुढच्या शतकात पुण्याच्याच आयुकाला स्वतःची दोन मीटर व्यासाची दुर्बीण उभी करायची झाली, तेव्हा शहरापासून ८० किलोमीटरवर आंबेगाव तालुक्यातला गिरवलीचा डोंगर गाठावा लागला. ती २००६ मध्ये सुरू झाली. एवढ्या लांबूनही दक्षिणेला क्षितिजाशी पुणे-चाकणच्या उजेडाचा घुमट उठलेला दिसतो.

गिरवलीपासून फार लांब नसलेल्या खोडदला जीएमआरटी आहे. ४५ मीटर व्यासाच्या तीस अँटेना तिथे आकाशातले रेडिओ तरंग ऐकत बसलेल्या असतात. त्यांच्या कामात व्यत्यय नको म्हणून त्या परिसरात उद्योगांवर निर्बंध आहेत. म्हणजे रेडिओचा गोंगाट हा गोंगाट आहे हे सरकारला पटलेलं आहे. डोळ्यांना दिसणाऱ्या उजेडाबद्दल तसा कायदा राज्यात नाही.

हौशी मंडळींची गोष्टही अशीच मागे सरकत गेलेली. पुण्याची ज्योतिर्विद्या परिसंस्था १९४४ पासूनची, देशातल्या सर्वांत जुन्या हौशी संस्थांपैकी. मुंबईच्या खगोल मंडळाने वर्षानुवर्षं रात्रभराचे आकाशदर्शनाचे कार्यक्रम वांगणीला केले. लोकलने जाता यावं आणि तरीही काळोख मिळावा असं ते ठिकाण. आता बदलापूरच्या पुढेही टॉवर उभे राहत चाललेत. कर्जत लाइनवरची गाडी जिथपर्यंत जाते तिथपर्यंत बिल्डर जातो आणि बिल्डरच्या मागोमाग हायमास्ट.

वर गेलेल्या उजेडाचं पुढे काय होतं, ते समजायला फार शास्त्र लागत नाही. दिव्यातून निघालेला जो भाग खाली जमिनीवर पडतो तो कामाचा. बाकीचा आडवा किंवा वर जातो, हवेतल्या धुळीवर, बाष्पावर, खुद्द हवेच्या रेणूंवर आपटून विखुरतो आणि त्यातला काही परत खाली येतो. हा परत आलेला उजेड म्हणजेच ते दुधट आकाश. यात सर्वांत वाईट तो क्षितिजाला जवळपास समांतर जाणारा किरण. सरळ वर गेलेला वातावरणातून लवकर बाहेर पडतो, आडवा गेलेला कित्येक किलोमीटर हवेतूनच प्रवास करतो आणि दुसऱ्या तालुक्याचं आकाश खराब करतो.

त्यात रंगाची भर. दिवसा आकाश निळं का, तर निळा प्रकाश हवेत जास्त विखुरतो म्हणून. तोच नियम रात्रीही लागू. जुन्या सोडियमच्या दिव्यांचा पिवळा प्रकाश सुमारे ५९० नॅनोमीटर तरंगलांबीचा. पांढऱ्याशुभ्र एलईडीत ४५० नॅनोमीटरच्या आसपास निळ्याचा एक उंच कळस असतो. हवेच्या रेणूंकडून होणारं विखुरणं तरंगलांबीच्या चौथ्या घाताच्या व्यस्त प्रमाणात बदलतं. गणित केलं तर तो निळा भाग सोडियमच्या पिवळ्यापेक्षा जवळजवळ तिप्पट विखुरतो. जानेवारी २०१५ मध्ये केंद्राने रस्त्यावरचे दिवे एलईडीत बदलण्याचा राष्ट्रीय कार्यक्रम हाती घेतला आणि त्याखाली देशभर कोटीभराहून जास्त दिवे बदलले गेले. वीज वाचली, बिलं उतरली, हे नाकारायचं कारण नाही. पण उजेड स्वस्त झाला की माणूस काटकसर करत नाही, आणखी दोन दिवे लावतो. जिथे एक खांब होता तिथे तीन आले, दुभाजकातल्या झाडांच्या बुंध्यांना माळा गुंडाळल्या गेल्या, पुलांच्या पोटाला रंगीत पट्ट्या चिकटल्या.

हे सगळं मोजलं गेलेलं आहे. २०१६ मध्ये फाबियो फाल्की आणि सहकाऱ्यांनी रात्रीच्या आकाशाचा जागतिक नकाशा काढला. जगातली ८३ टक्के माणसं उजेडाने मळलेल्या आकाशाखाली राहतात आणि एक तृतीयांशाहून अधिक लोकांना घरून आकाशगंगा दिसत नाही, असं त्यातून निघालं. २०२३ मध्ये क्रिस्टोफर कायबा यांच्या गटाने वेगळी वाट धरली. उपग्रहांवर विसंबण्यात एक अडचण होती, कारण रात्रीचे दिवे टिपणाऱ्या प्रमुख उपग्रह-उपकरणाला एलईडीतला निळा भाग दिसतच नाही. म्हणून त्यांनी २०११ ते २०२२ या काळात जगभरच्या सामान्य लोकांनी आपापल्या गच्चीवरून, अंगणातून केलेल्या पन्नास हजारांहून जास्त नोंदी घेतल्या. आज मला सर्वांत मंद कुठला तारा दिसला, एवढीच नोंद. उत्तर असं आलं की आकाश वर्षाला सरासरी ९.६ टक्क्यांनी उजळत चाललंय, म्हणजे आठ वर्षांच्या आत दुप्पट. ज्या गावात मूल जन्मलं तेव्हा २५० तारे दिसत होते, तिथे ते अठरा वर्षांचं होईस्तोवर शंभर उरतील. या नोंदी मुख्यतः युरोप-अमेरिकेतल्या आहेत, आपल्याकडून तुरळक. आपलं चित्र त्याहून बरं असेल असं मानायला मला काही आधार दिसत नाही.

तारे न दिसल्याने कुणाचं पोट रिकामं राहत नाही, हा युक्तिवाद मी पुष्कळदा ऐकला आहे. त्याला उत्तर द्यायला भंडारदऱ्याकडे जावं लागतं.

मे संपता संपता रोहिणीचं नक्षत्र लागतं, वळवाच्या एक-दोन सरी येऊन जातात आणि कळसूबाई-हरिश्चंद्रगडाच्या परिसरातली झाडं रात्री लुकलुकायला लागतात. घाटघर, साम्रद, रतनवाडी, उडदावणे, अलीकडे पुरुषवाडी, लोणावळ्याच्या बाजूला राजमाची. सादडा, हिरडा, बेहडा, जांभूळ, उंबर ही काजव्यांची आवडती झाडं. मृग लागून पाऊस नीट धरला की खेळ आटोपतो.

काजवा भुंगेऱ्यांच्या कुळातला कीटक. आपल्याला दिसतो तो त्याच्या आयुष्याचा शेवटचा पंधरवडा. त्याआधी कित्येक महिने तो अळीच्या रूपात पालापाचोळ्याखाली, ओलसर मातीत गोगलगायी खात काढतो. पंख फुटल्यावर खाणंपिणं जवळपास सुटतं. जोडीदार शोधायचा, मादीने अंडी घालायची, संपलं. पोटाच्या टोकाकडच्या खंडांत ल्युसिफेरिन नावाचं द्रव्य असतं, ल्युसिफेरेज हे विकर आणि ऑक्सिजन यांच्या संगतीने त्याची क्रिया होते आणि हिरवट-पिवळा प्रकाश पडतो. उष्णता जवळजवळ नाही. आपल्या कुठल्याही दिव्याला ते अजून जमलेलं नाही. नर ठराविक तालात लुकलुकतो, खालच्या झुडपात किंवा गवतात बसलेली मादी ठराविक अवधीने उत्तर देते. जातीजातीचा ताल वेगळा. तो ओळखू आला नाही तर भेट नाही, आणि भेट नाही तर पुढच्या वर्षीचे काजवे नाहीत.

एका सादड्याखाली आम्ही उभे होतो. डोळे अंधाराला सरावायला वीस-तीस मिनिटं जातात, तेवढी गेलेली होती. सुरुवातीला पसरून चमकणारे ठिपके हळूहळू एका लयीत आले. एका फांदीकडून लाट निघायची, दुसरीकडे जायची, मध्येच सगळं झाड विझायचं आणि पुन्हा एकदम पेटायचं. मग घाटातल्या वळणावरून एक मोठी गाडी आली, हेडलाइट वरच्या पट्टीला. उजेडाचा पट्टा झाडावरून सरकत गेला आणि झाड गप्प झालं. गाडी गेली. आम्ही वाट बघत राहिलो. आधी अगदी शेंड्याकडे एक-दोन ठिपके, मग थोडे आणखी. लय काही लवकर सापडेना. ती सापडत होती तोवर पुढची गाडी आली. शनिवार होता.

सारा लुईस आणि सहकाऱ्यांनी जगभरच्या काजवे-अभ्यासकांची मतं गोळा करून २०२० मध्ये एक पाहणी प्रसिद्ध केली. अधिवास नष्ट होणं हा पहिला धोका, आणि बहुतेक प्रदेशांत त्याखालोखाल कृत्रिम उजेड व कीटकनाशकं. भंडारदऱ्यात अधिवास अजून बराच शिल्लक आहे. तिथे उजेड नेणारे आपण, तेही काजवे बघायला म्हणून. वनखातं शुल्क घेतं, वेळेचं बंधन घालतं, फ्लॅश मारू नका असे फलक लावतं. पण या गावांतल्या महादेव कोळी कुटुंबांच्या बाजूने पाहिलं तर हेच दोन-तीन आठवडे पैसे हाती येण्याचे. तंबू, पिठलं-भाकरी, वाट दाखवायला गावातली पोरं. त्यांना गर्दी नको असं सांगणारा माणूस परत आपल्या शहरात जाणार असतो. माझ्या मते गाड्या धरणाजवळ किंवा गावाच्या अलीकडे थांबवून पुढे गावच्या जीपने, मंद पिवळ्या दिव्यावर लोकांना नेलं, तर काजवेही वाचतील आणि जीपवाल्यांनाही चार पैसे मिळतील.

काजव्याकडून पतंगाकडे. दिव्यावर झेप घेऊन जळणारा पतंग म्हणजे प्रेमवेडा, ही कल्पना शतकानुशतकं चालत आली. जानेवारी २०२४ मध्ये सॅम्युएल फेबियन, यश सोंधी आणि सहकाऱ्यांनी वेगवान कॅमेऱ्यांनी पतंगांचं उडणं टिपलं आणि त्या प्रेमकथेची पंचाईत केली. उडणारा कीटक रात्री पाठ आकाशाकडे ठेवतो. आकाश जमिनीपेक्षा थोडं का होईना उजळ, म्हणून उजेड म्हणजे वर, एवढाच त्याचा हिशेब. कोट्यवधी वर्षं तो बरोबर आला. मध्येच खांबावर दिवा आला की पाठ दिव्याकडे वळते, शरीर कलतं आणि कीटक दिव्याभोवती घिरट्या घालत राहतो. दिव्याच्या वर गेला तर उलटा होऊन कोसळतो. त्याला दिव्याकडे जायचंच नसतं. तो वर कुठे आणि खाली कुठे हे शोधत असतो.

बरं, पतंग मेले तर काय बिघडलं? एवा क्नॉप यांनी स्वित्झर्लंडमधल्या कुरणांत रात्री दिवे लावून मोजणी केली, ती २०१७ मध्ये प्रसिद्ध झाली. उजेड पडलेल्या कुरणांत फुलांवरच्या रात्रीच्या कीटकांच्या भेटी ६२ टक्क्यांनी घटल्या. एका काटेरी फुलझाडाची फळधारणा १३ टक्क्यांनी उतरली, दिवसा मधमाश्या येत असूनसुद्धा. रात्रपाळीची तूट दिवसपाळीने भरून निघाली नाही.

आणि शेणकिडा. दक्षिण आफ्रिकेतला शेणकिडा शेणाचा गोळा करून ढकलत सरळ रेषेत पळतो, कारण हातभर अंतरावर दुसरा शेणकिडा तो हिसकायला टपलेला असतो. अमावास्येच्या रात्री सरळ रेषा कशी धरतो? मारी डाके आणि सहकाऱ्यांनी किड्यांच्या डोक्यावर पुठ्ठ्याच्या टोप्या घातल्या, त्यांना जोहान्सबर्गच्या तारांगणात नेऊन कृत्रिम आकाशाखाली चालवलं आणि २०१३ मध्ये दाखवून दिलं की तो आकाशगंगेच्या पट्ट्यावरून दिशा ठरवतो. आपल्यातल्या कितीजणांना आज आकाशगंगा दाखवता येईल?

कोकणातलं उदाहरण वाचकांना बहुधा ठाऊक असेल. मंडणगड तालुक्यातल्या वेळासला चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र संस्थेने, भाऊ काटदरे यांच्या पुढाकाराने, २००२ पासून ऑलिव्ह रिडले कासवांची घरटी जपायला सुरुवात केली आणि पुढे तिथला कासव महोत्सव गावाची ओळख झाला. गावातले कासवमित्र अंडी उचलून कुंपणातल्या वाळूत ठेवतात. पन्नासेक दिवसांनी पिल्लं बाहेर येतात आणि समुद्राकडे सोडली जातात. तळहातावर मावेल एवढं पिल्लू वाळूतून वर आल्यावर समुद्र कुठे आहे हे कुणी त्याला सांगत नाही. मागे झाडीचा काळा पट्टा, पुढे पाण्यावर ताऱ्यांचा आणि आकाशाचा उजेड. ते खालच्या, उजळ क्षितिजाकडे चालू लागतं. किनाऱ्यालगत रिसॉर्टचा फ्लडलाइट असेल, तर उजळ क्षितिज मागे येतं आणि पिल्लू रस्त्याकडे, नारळाच्या वाडीकडे, कुत्र्यांकडे चालू लागतं. अंडी घालायला आलेली मादीही उजळ किनारा बघून बऱ्याचदा मागे फिरते. गोव्यात मोरजी, मांद्रे, आगोंद, गालजीबाग हे कासवांचे किनारे. मोरजी-मांद्र्याला शॅक, हॉटेलं आणि रात्रीचं संगीत यांच्यात हा प्राणी वाट काढतो आहे. उपाय ठाऊक आहेत. फ्लोरिडात किनाऱ्यावरचे दिवे बुटके, आडोसा केलेले आणि नारिंगी-तांबूस ठेवण्याचे नियम आहेत, कारण त्या रंगाचं कासवांना फारसं आकर्षण नाही. हॉटेल चालतं, पर्यटकांना चालताना ठेचही लागत नाही.

आता दुसरी बाजू. गिरवलीचा डोंगर ज्या मुलखात आहे, तो आंबेगाव-जुन्नर-शिरूर-खेडचा ऊसपट्टा म्हणजे बिबट्याचा मुलूख. शेतीपंपाची वीज अनेकदा रात्रीची. रात्री दोनला पाणी धरायला बांधावरून जाणारा शेतकरी, गोठ्याशी झोपलेली म्हातारी, पहाटे बाहेर जाणारी बाई यांना उजेड हवा आहे आणि तो हक्काचा आहे. पायाखाली घोणस आहे की नाही हे दिसायला हवंच. त्या माणसाला 'तुमच्या दिव्याने आकाशगंगा पुसली' असं सांगायला माझी जीभ रेटायची नाही. त्याला दिवसा वीज मिळाली तर अर्धा प्रश्न आपोआप सुटेल. ती मागणी त्याची स्वतःचीच आहे, खगोलवाल्यांनी तिला पाठिंबा द्यायला काय हरकत आहे?

पण वस्तीवर प्रत्यक्षात बसवलेला दिवा बघा. घराच्या कोपऱ्यावर उघडा फ्लडलाइट, तोंड आडवं. अंगण लख्ख होतं आणि त्यापलीकडचा ऊस आणखी काळा होतो, कारण डोळ्यांत थेट उजेड गेला की बाहुली आकसते आणि सावलीतलं काही दिसेनासं होतं. बिबट्या त्या सावलीत बसला, तर अंगणातल्या माणसाला तो दिसणार नाही, बिबट्याला मात्र माणूस स्पष्ट दिसेल. तोच दिवा पत्र्याच्या टोपणाखाली, तोंड जमिनीकडे करून बसवला, हालचाल झाली की लागेल असा केला, तर निम्म्या वॉटमध्ये जास्त दिसतं. शहरांबाबत इंग्लंड-वेल्समध्ये ६२ स्थानिक संस्थांच्या नोंदींचा अभ्यास २०१५ मध्ये प्रसिद्ध झाला. रस्त्यावरचे दिवे मध्यरात्री मंद किंवा बंद केल्याने अपघात वा गुन्हे वाढल्याचा पुरावा त्यात मिळाला नाही. तो निष्कर्ष जसाच्या तसा नारायणगावला लावू नये. पण जितका उजेड जास्त तितकी सुरक्षितता जास्त, हे समीकरण तपासल्याशिवाय मानूही नये.

करून दाखवल्याचं उदाहरण राज्यातच आहे. जानेवारी २०२४ मध्ये नागपूरजवळच्या पेंच व्याघ्र प्रकल्पाला डार्कस्काय इंटरनॅशनल या संस्थेने डार्क स्काय पार्क म्हणून मान्यता दिली. भारतातलं हे पहिलं, आशियातलं पाचवं. त्यासाठी बफर क्षेत्रातल्या सिल्लारी, वाघोली, पिपरिया आणि खापा या गावांतले शंभराहून जास्त दिवे बदलून खाली तोंड असलेले बसवले गेले. गावं अंधारात गेली नाहीत. त्याच जंगलाला चिरत जाणाऱ्या राष्ट्रीय महामार्गावर वन्यप्राण्यांसाठी भुयारी वाटा आहेत आणि मध्य प्रदेशच्या बाजूला शिवनी जिल्ह्यात रस्त्याच्या कडांना उजेड-आवाज अडवणाऱ्या भिंतीही. लडाखमधल्या हानलेला २०२२ पासून असंच राखीव आकाश आहे, पण तिथे ४५०० मीटर उंचीवर माणसंच थोडी. पेंचच्या गावांत माणसं, गुरं, वाघ आणि पर्यटक सगळेच आहेत, म्हणून मला पेंचचं काम अधिक मोलाचं वाटतं.

कायद्याच्या बाजूने फुटकळ गोष्टी घडतात. आवाजासाठी २००० सालचे नियम आहेत, डेसिबल आहेत, रात्री दहाची सीमा आहे. उजेडासाठी यातलं काही नाही. २०१८ मध्ये मुंबईत मरीन ड्राइव्हवरच्या एका जिमखान्याचे फ्लडलाइट शेजाऱ्याच्या तक्रारीवरून उतरवण्याचा आदेश जिल्हाधिकाऱ्यांनी दिला, तेव्हा ती बातमी झाली. २०२४ मध्ये झाडांवरच्या रोषणाईविरुद्ध जनहित याचिका उच्च न्यायालयात आली, महापालिकांना नोटिसा गेल्या आणि मुंबईत काही झाडांवरच्या माळा उतरल्या. विसर्जनाच्या मिरवणुकीतल्या लेझरने डोळ्यांच्या पडद्याला इजा झाल्याच्या बातम्या आल्यावर पुण्यासह काही शहरांत पोलिसांनी त्यावर बंदी आणली. दरवेळी कुणाचा तरी डोळा किंवा झोप जावी लागते.

आपल्याकडे अंधार म्हणजे मागासलेपण, हे गणित पक्कं बसलंय. त्याला कारणही आहे, खेड्यांनी विजेची वाट फार वर्षं पाहिली. त्यामुळे नगरसेवकाच्या कार्यअहवालात किती खांब उभे केले हे छापलं जातं, त्यातला किती उजेड रस्त्यावर पडला हे कुणी विचारत नाही. विचारायची सोय मात्र आहे. भारतीय मानक ब्युरोचं रस्त्यावरच्या दिव्यांचं मानक १९७० सालचं, आयएस १९४४. त्यात कटऑफ, सेमी-कटऑफ असे दिव्यांचे प्रकार सांगितलेले आहेत, म्हणजे आडवा आणि वर जाणारा उजेड किती रोखला जातो यावरून केलेली वर्गवारी. आपल्या वॉर्डातल्या पुढच्या निविदेत वॉट असतील, ल्युमेन असतील, खांबाची उंची आणि वॉरंटीची वर्षं असतील. त्यात दोन ओळी वाढवायला लावायच्या: दिवा कटऑफ प्रकारचा असावा, रंग तापमान ३००० केल्विनच्या वर नसावं. तिसरी ओळ रात्री अकरानंतर उजेड निम्म्यावर आणण्याची. केंद्रीय कार्यक्रमात बसवलेल्या दिव्यांना दुरून नियंत्रण करणारे पॅनेल जोडलेले आहेत. संध्याकाळी दिवे लावायला आणि सकाळी घालवायला ते वापरले जातातच.